दप्तरानं गोठवलेली नावं

माझी आई ही एकच बाई आहे, हे सिद्ध करायला मला स्टॅम्पपेपर विकत घ्यावा लागला. आजोबांच्या जमिनीवर वारसनोंद करायची होती. आजोबांच्या कागदांत लेकीचं नाव एका नदीचं आहे. आईच्या आधार कार्डावर ते नाव नाही. सासरी त्याच नावाची मोठी जाऊ आधीच होती, एका घरात एकाच नावाच्या दोन सुना नकोत, म्हणून लग्नात तांदळाच्या ताटात अंगठीनं दुसरं नाव लिहिलं गेलं. मधलं वडिलांचं नाव जाऊन तिथं नवऱ्याचं आलं, आडनाव जाऊन तिथं दुसरं आलं. तीन शब्दांपैकी एकही जुना उरला नाही. मग कचेरीनं विचारलं, ही तीच बाई कशावरून? ‘सदर दोन्ही नावांची व्यक्ती एकच असून...’ असं प्रतिज्ञापत्र टाइप झालं आणि सही करायच्या वेळी आईनं पेन उचलून विचारलं, ‘कुठल्या नावानं करू?’ टायपिस्ट हसला. मला काही हसता आलं नाही, कारण प्रश्न चोख होता.

नावं आणि आडनावं हा आपल्याकडे गमतीचा विषय आहे. भोपळे, दोडके, तांदळे, भाकरे, साखरे, लांडगे, कोल्हे, सहस्रबुद्धे, अष्टपुत्रे अशा याद्या फोनवरून फिरत असतात. गंमत नको असेल तर अभिमान असतो. मोरे म्हणजे मौर्य, कदम म्हणजे कदंब, शेलार म्हणजे शिलाहार, साळुंखे म्हणजे चालुक्य. या दोन्ही तऱ्हांमागे एक समजूत आहे की आडनाव ही फार जुनी, रक्तातून आलेली, न बदलणारी गोष्ट आहे. माझं म्हणणं नेमकं याच्या उलट आहे. आडनाव ही आपल्याकडची सगळ्यात चंचल वस्तू होती. ती स्थिर केली ती दप्तरानं, आणि तीही अलीकडे. ज्या दप्तरानं ती गोठवली, त्यानंच ती आता मोकळी करावी, एवढाच या लेखाचा मुद्दा आहे.

शब्दच बघा. आडवाट, आडगल्ली, आडबाजू, तसं आडनाव. मुख्य रस्ता नव्हे, बाजूचा. आणि आज शाळेच्या पटापासून मतदार यादीपर्यंत हीच आडवाट सगळ्यात पुढे येऊन उभी आहे: आधी आडनाव, मग नाव, मग वडिलांचं नाव.

आपल्या भाषेतल्या सगळ्यात थोर माणसांना आडनावाची गरज पडली नव्हती. नामा म्हणे, तुका म्हणे, चोखा म्हणे, बहिणी म्हणे. तुकोबांचं आडनाव आंबिले की मोरे, हे अभ्यासकांना ठाऊक असतं, वारीत चालणाऱ्याला त्याचं काही देणंघेणं नसतं. जनाबाई तर स्वतःला ‘नामयाची जनी’ म्हणते. बापाचं नाव नाही, नवऱ्याचं नाही. आपण कुणाच्या आहोत हे तिनं स्वतः ठरवलं आणि तेच नाव सातशे वर्षं टिकलं.

पुढची आडनावं बघितली तरी तोच प्रकार दिसतो. जोतीराव फुल्यांचं घराणं मूळ गोऱ्हे, साताऱ्याकडच्या कटगुणचं. पुण्यात आल्यावर पेशव्यांकडे फुलं पुरवण्याचा धंदा सुरू झाला आणि गोऱ्ह्यांचे फुले झाले. कुणी अर्ज केला नाही, कुठं नोंद झाली नाही. लोक म्हणू लागले आणि नाव चिकटलं. बाबासाहेबांचे वडील रामजी सकपाळ. गाव आंबडवे, म्हणून आंबडवेकर, आणि ७ नोव्हेंबर १९०० रोजी साताऱ्याच्या शाळेत नाव दाखल झालं ते ‘भिवा रामजी आंबेडकर’. हा शेवटचा बदल कुणामुळे झाला यावर वाद घालणारे घालोत. मला महत्त्वाचं वाटतं ते हे की तो शाळेच्या पटावर झाला. दीनानाथांनी मंगेशीवरून मंगेशकर हे आडनाव घेतलं, तेव्हा ते घेता येण्यासारखं होतं. एक आडनाव धंद्यातून आलं, दुसरं गावातून शाळेच्या दाराशी, तिसरं माणसानं स्वतः निवडलं. आज ही तिन्ही माणसं जन्मली असती तर पहिल्या आडनावातून बाहेर पडायला त्यांना राजपत्रात जाहिरात द्यावी लागली असती.

‘कर’ लागलेली आडनावं तर उघडउघड चालतीफिरती आहेत. गावात राहणाऱ्याला गावाचं नाव लावत नाहीत. पेणमध्ये कोण कुणाला पेणकर म्हणेल? गाव सोडून दुसरीकडे गेल्यावर तिथले लोक म्हणतात, ते पेणकर. म्हणजे ‘कर’ हा मुळाचा पुरावा नाही, मूळ सुटल्याचा पुरावा आहे. रायगडच्या किनाऱ्यावरच्या बेने इस्रायल ज्यूंनी पेणकर, रोहेकर, केहिमकर, नवगावकर अशी आडनावं लावली. धर्म वेगळा, सब्बाथ म्हणजे विसाव्याचा वार शनिवारचा, म्हणून तेल गाळणाऱ्या या लोकांना गावानं ‘शनिवार तेली’ असंही नाव दिलं होतं. चिपळूणकर कोकणी मुसलमानांतही आहेत. याच्या उलट, गोव्यात बाप्तिस्मा झाला की पोर्तुगीज आडनाव येई. एकाच वाड्यावरच्या भावांची घराणी त्यातून फर्नांडिस आणि कामत अशी वेगळी होऊ शकत.

आता पदांवरून आलेली आडनावं घ्या, कारण गोठण्याची खरी गोष्ट तिथं कळते. फडणवीस, चिटणीस, पोतनीस, सबनीस, पारसनीस, कारखानीस, जमेनीस. यातला ‘नीस’ म्हणजे फारसी ‘नवीस’, लिहिणारा. १६७४ साली राज्याभिषेकाच्या वेळी शिवाजी महाराजांनी ही फारसी पदनामं बदलली. पेशव्याचा पंतप्रधान झाला, मुजुमदाराचा अमात्य, वाकनिसाचा मंत्री, सुरनिसाचा सचिव, डबिराचा सुमंत, सरनोबताचा सेनापती. छत्रपतींचा हुकूम होता, राजव्यवहारासाठी कोश करवून घेतला गेला. आणि आज टेलिफोन डिरेक्टरी असती तर तीत काय सापडलं असतं? मुजुमदार, वाकनीस, डबीर, सुरनीस, सरनोबत, पेशवे. राजानं शब्द बदलला, लोकांनी नाव ठेवून दिलं. ज्यांना आडनावातून शुद्ध रक्ताची आणि शुद्ध भाषेची खात्री हवी असते त्यांनी या यादीकडे सावकाश बघावं. महाराजांच्या वडिलांचं आणि चुलत्यांचं नाव, शहाजी आणि शरीफजी, अहमदनगरच्या शाह शरीफ या पिराच्या नावावरून ठेवलं, अशी परंपरेनं चालत आलेली हकिगत आहे. त्या काळी कुणाला त्यात वावगं वाटलं नव्हतं.

मग कुलकर्णी आणि पाटील. शाहू महाराजांनी करवीर संस्थानात १९१८ साली कुलकर्णी वतन बंद करून पगारी तलाठी नेमले. मुंबई राज्यानं १९५० साली परगणा आणि कुलकर्णी वतनं कायद्यानं रद्द केली. गावकामगारांची ‘कनिष्ठ’ म्हटली जाणारी वतनं, त्यात महारवतन आलं, १९५८ च्या कायद्यानं गेली. मुलकी पाटलांचं पद १९६२ च्या कायद्यानं संपलं. पदं गेली, आडनावं राहिली. इतकी राहिली की आज मुलाखतीला आलेल्या पाटलाचा आणि गावगाड्याचा संबंध पणजोबांच्या फोटोपुरताच असतो.

पण खरी गंमत पुढं आहे. कुलकर्ण्याच्या जागी तलाठी आला, तर तलाठी हे आडनाव का झालं नाही? गुजरातीत तलाटी आहेत. मराठीत मी तरी ऐकलेलं नाही. शंभर वर्षांत मराठी माणूस ड्रायव्हर झाला, कंपाउंडर झाला, गिरणीत जॉबर झाला, पोस्टमन झाला. यातलं एकही आडनाव म्हणून चिकटलं नाही. पारशांकडे कॉन्ट्रॅक्टर आणि इंजिनियर आहेत, नरी कॉन्ट्रॅक्टर आणि फारुख इंजिनियर हे कसोटीपटू आपल्याला ठाऊक आहेत. त्यांच्यात आडनावाचा साचा इंग्रजी अमलातही ओला होता. आपला तोवर सुकला होता. फुलं विकणाऱ्याचा फुले होणं एका पिढीत शक्य होतं, आणि त्यानंतर दोन-तीन पिढ्यांनी ते अशक्य झालं. मध्ये काय घडलं? शाळेचा पट आला, पलटणीची यादी आली, जमाबंदीचं दप्तर, कोर्टाचे कागद, जन्ममृत्यूची नोंद, शाळा सोडल्याचा दाखला. प्रत्येक कागद आधीच्या कागदाशी जुळवून बघितला जाऊ लागला. न जुळणारं नाव हे नवं नाव राहिलं नाही, ते संशयास्पद नाव झालं.

आणि हे गोठणं सगळ्यांसाठी सारखं नव्हतं. जुन्या महसुली कागदात काहींची नावं राव, पंत, जी अशी मानानं लिहिलेली सापडतात. काहींची ‘भिक्या बिन सटवा’ किंवा ‘रामा वल्द धोंड्या’ अशी; बिन आणि वल्द म्हणजे अमक्याचा मुलगा. बायका तर ‘कोम’ (अमक्याची बायको) आणि ‘भ्र.’ (भ्रतार, म्हणजे नवरा) या अक्षरांच्या पाठीशी उभ्या. एकच नाव घ्या. पंतांच्या घरात धोंडोपंत, पाटलाच्या घरात धोंडीराव, शेतात धोंडीबा, वेशीबाहेर धोंड्या. नावाचा अर्थ सगळीकडे तोच, किंमत प्रत्ययाची. (पैसा आला की दगडूचाही शेठ होतो. पुण्याच्या सगळ्यात दागिनेवाल्या गणपतीला दगडूशेठांचं नाव आहे, हे मला फार आवडतं.) कोरेगाव भीमाच्या स्तंभावर १ जानेवारी १८१८ च्या लढाईत पडलेल्या शिपायांची नावं कोरली आहेत. त्यातली बरीच ‘नाक’ या प्रत्ययाची आहेत, महार शिपायांची ओळख त्यावरून पटते. नाक मुरडून उच्चारला गेलेला प्रत्यय तिथं दगडावर मानानं आला. पुढं घराघरांतून तो गळूनही गेला.

त्या ‘वल्द धोंड्या’ची नातवंडं आज जात पडताळणी समितीपुढं उभी राहतात. अनुसूचित जातींसाठी १० ऑगस्ट १९५० पूर्वीचा, विमुक्त-भटक्यांसाठी २१ नोव्हेंबर १९६१ पूर्वीचा आणि इतर मागासवर्गासाठी १३ ऑक्टोबर १९६७ पूर्वीचा पुरावा लागतो. आजोबांच्या नोंदीत आडनावच नसतं, किंवा वेगळं असतं. नातवानं वंशावळ काढायची, प्रतिज्ञापत्र करायचं आणि सांगायचं की हा धोंड्या आमचाच. ज्यांचं नाव लिहिणाऱ्यानं कधी धड लिहिलं नाही, त्यांनाच आज नावाचा पुरावा सगळ्यात जास्त द्यावा लागतो. ‘आडनाव म्हणजे आमचा वारसा’ असं कुणी म्हणालं की मला हे लोक आठवतात. वारसा आहे, पण त्याची वाटणी फार असमान झालेली आहे.

यावर सोपा उपाय सुचवला जातो: आडनावंच टाकून द्या, जात आपोआप जाईल. हेतूबद्दल मला आदर आहे. आडनाव बघून माणूस चाळला जातो हे खरंच आहे. सुखदेव थोरात आणि पॉल अटवेल यांनी २००७ साली प्रसिद्ध केलेल्या पाहणीत खासगी कंपन्यांच्या जाहिरातींना उत्तर म्हणून एकाच तोडीचे अर्ज वेगवेगळ्या नावांनी पाठवले होते. दलित आडनावाच्या उमेदवाराला बोलावणं येण्याची शक्यता उच्चवर्णीय आडनावाच्या उमेदवाराच्या तुलनेत दोन तृतीयांश निघाली आणि मुस्लिम नावाच्या उमेदवाराची एक तृतीयांश. कागद तेच, शिक्षण तेच, फरक फक्त वरच्या ओळीत.

तरीही आडनाव टाकल्यानं जात जात नाही, याचा पुरावा शेजारीच आहे. तमिळनाडूत स्वाभिमान चळवळीच्या पहिल्या परिषदेत, १९२९ साली चेंगलपट्टूला, जातिवाचक उपनावं सोडायचा ठराव झाला आणि पेरियार यांनी स्वतःचं ‘नायकर’ टाकलं. चळवळ यशस्वी झाली. आज तिथं बहुतेक लोक वडिलांच्या नावाचं आद्याक्षर आणि स्वतःचं नाव एवढंच लावतात. आणि २०२४ साली न्यायमूर्ती के. चंद्रू यांच्या समितीला त्याच राज्यात शिफारस करावी लागली की शाळेतल्या मुलांनी मनगटावर जातीच्या रंगाचे धागे बांधून येऊ नये. आडनाव गेलं, जात मनगटावर उतरली.

आपल्याकडे तर धाग्याचीही गरज नाही. पवार घ्या. मराठा पवार आहेत, बंजारा पवार आहेत, पारधी पवार आहेत, दलितांत पवार आहेत, धनगरांत आहेत. गायकवाड, जाधव, शिंदे, चव्हाण, यांचंही तेच. म्हणजे मराठी आडनाव जात सांगायला तसं फार कच्चं साधन आहे. पण त्यानं काही अडतं का? आडनाव सांगितल्यावर समोरचा थांबतो, चहाचा घोट घेतो आणि विचारतो, ‘कुठले पवार?’ गाव सांगितलं की, ‘म्हणजे कोणापैकी?’ या ‘कोणापैकी’ला फॉर्मवर चौकट नाही, ती जिभेवर आहे. डिसेंबर २०२० मध्ये राज्य मंत्रिमंडळानं वस्त्यांची जातिवाचक नावं बदलून समतानगर, भीमनगर, ज्योतीनगर, क्रांतीनगर अशी नावं द्यायचा निर्णय घेतला, तोही योग्यच होता. पण रिक्षावाल्याला क्रांतीनगर सांगितलं आणि त्यानं जुनं नाव उच्चारून ‘तेच ना?’ विचारलं, की कळतं पाटी बदलण्याची हद्द कुठं संपते.

म्हणून मी आडनाव-बंदीच्या बाजूचा नाही. आणखी एक कारण आहे. जे आडनाव ऐकून एकेकाळी वर्गात हसू फुटायचं, ते आज कुणी ताठ मानेनं उच्चारत असेल, तर ‘आता सगळ्यांनीच आडनाव टाकू या’ असं त्याला सांगण्याचा अधिकार ज्यांची आडनावं कायम दिवाणखान्यात बसली त्यांना नाही.

मग हवं काय? हवी ती सैल गाठ. आणि ती सोडता येते, याचा दाखला दप्तरानंच दिला आहे. सातारा जिल्ह्यात मुलगी नको असताना झाली की तिचं नाव ‘नकुशा’ ठेवायची रीत होती. पोरगं जगावं म्हणून दगडू, कचरू, भिकू अशी ओंगळ नावं ठेवायचे, त्यात मायेचा एक वाकडा धागा तरी होता. नकुशात तोही नव्हता. तिला नुसतं सांगून टाकलेलं असे, आणि शाळेत रोज हजेरीला ते मोठ्यानं वाचलं जाई. ऑक्टोबर २०११ मध्ये तिथल्या प्रशासनानं कार्यक्रम घेऊन २८५ मुलींना नवी नावं दिली, त्यांनी स्वतः निवडलेलीही. ना त्यासाठी भारताच्या सुरक्षेला धोका पोचला, ना महसूल बुडाला. इच्छा असली की पट एका दिवसात बदलतो. मग माझ्या आईला प्रतिज्ञापत्र का लागावं?

इथं ११ मार्च २०२४ चा मंत्रिमंडळाचा निर्णय येतो. १ मे २०२४ आणि त्यानंतर जन्मलेल्या मुलांच्या सरकारी कागदपत्रांत आधी मुलाचं नाव, मग आईचं, मग वडिलांचं, मग आडनाव असा क्रम सक्तीचा झाला. निर्णयाचं स्वागत झालं, व्हायलाच हवं होतं. पण त्याच निर्णयातला पुढचा भाग कमी वाचला गेला. विवाहित स्त्रीच्या बाबतीत तिचं नाव, मग नवऱ्याचं नाव, मग आडनाव ही चालू पद्धत तशीच ठेवली आहे. मालमत्तेच्या कागदांत लग्नापूर्वीचं नाव लावायची मुभा दिली आहे, तेवढीच. म्हणजे मुलाच्या नावात आई आली, आणि आईच्या स्वतःच्या नावात तिची आई नाही, बापही नाही, नवरा मात्र आहे. मुलगी सव्वीस वर्षं आईचं नाव मिरवील आणि लग्नानंतर चार शब्दांतले तीन बदलून येईल, असा हा हिशेब आहे.

आईचं नाव लावण्याची आपली परंपरा दोन हजार वर्षांची आहे, असं तेव्हा अनेकांनी लिहिलं. गौतमीपुत्र सातकर्णी, वासिष्ठीपुत्र पुळुमावी. नाशिकच्या लेण्यांत शिलालेखच आहे. खरं आहे, पण अर्धं. गौतमी, वासिष्ठी ही त्या राण्यांची स्वतःची नावं नव्हेत, ती त्यांच्या माहेरच्या गोत्राची नावं. गौतमीचं स्वतःचं नाव बलश्री. मुलानं बिरुदात मिरवलं ते आईच्या बापाकडचं गोत्र, आणि ‘बलश्री’ हे नाव आपल्याला कळलं ते केवळ तिनं स्वतःच्या दानाचा लेख कोरून घेतला म्हणून. बाईनं स्वतः लिहून ठेवलं तर नाव उरतं, एरवी कुणाची तरी कोण एवढंच उरतं. सातवाहनांकडून शिकायचंच असेल तर हे शिकू या.

तेव्हा माझी मागणी अशी आहे. सरकारी अर्जावर सक्तीची चौकट एकच असावी: नाव. माणूस तिथं एक शब्द लिहील किंवा चार. आई आणि वडील यांची नावं माहिती म्हणून वेगळ्या चौकटींत असावीत, ती माणसाच्या नावाचे तुकडे म्हणून नव्हेत. उपनावाची चौकट असू द्या, पण रिकामी सोडली तर अर्ज परत येता कामा नये. लग्न झालं की बाईचं नाव आपोआप बदलतं हे गृहीतक काढून टाका. ज्या बाईला बदलायचं असेल तिनं तसं सांगावं, जिला बदलायचं नाही तिच्याकडे कुणी कागद मागू नये. आज हे बरोबर उलटं चालतं, कायद्यात सक्ती नसूनही. आणि वयाची अठरा वर्षं पूर्ण झाली की प्रत्येकाला एकदा, कारण न देता, फुकट, साध्या अर्जावर नाव बदलता यावं, जुनी नोंद मागं जोडलेली राहावी. सर्वोच्च न्यायालयानं जून २०२१ मध्ये परीक्षा मंडळाच्या प्रमाणपत्रांवरील नावबदलाच्या खटल्यात नाव हा अभिव्यक्तीच्या हक्काचा भाग मानला आहे. हक्क असेल तर त्याला राजपत्राची, वर्तमानपत्रातल्या जाहिरातीची आणि एजंटाची वाट का असावी?

नोकरीच्या चाळणीसाठी तर नवं काही शोधायलाही नको. दहावीच्या उत्तरपत्रिकेवर नाव नसतं, बैठक क्रमांक असतो. तपासणाऱ्याला कळू नये की हा पेपर कुणाचा, एवढी साधी अक्कल आपण पंधरा वर्षांच्या मुलांसाठी वापरतो. अर्जांच्या पहिल्या चाळणीत कंपन्यांनी ती का वापरू नये?

यावर आक्षेप येतील. पहिला, फसवणुकीचा: नावं अशी बदलू दिली तर कर्जबुडवे आणि फरारी मोकाट सुटतील. हा आक्षेप चाळीस वर्षांपूर्वी मी ऐकून घेतला असता. आज आपल्या प्रत्येकाच्या गळ्यात बारा आकडी आधार क्रमांक आहे, बोटांचे ठसे आहेत, पॅन आहे. माणूस ओळखायचं काम आकड्यानं कधीच घेतलं आहे. त्या कामातून सुटलेल्या नावाला मग अजून बेड्या कशासाठी? दुसरा आक्षेप परदेशाचा, आणि तो खरा आहे. नोव्हेंबर २०२२ मध्ये संयुक्त अरब अमिरातींनी पासपोर्टवर एकच शब्दाचं नाव असलेल्या पर्यटकांना प्रवेश नाकारायचा नियम केला आणि विमान कंपन्यांनी प्रवाशांना तसं कळवलं. म्हणून तर मी उपनावाची चौकट पुसा म्हणत नाही. ज्याला दुबईला जायचं त्यानं ती भरावी. पण जगभरच्या विमानतळांची सोय हा आपल्या गावातल्या पटाचा नियम होऊ नये.

तिसरा आक्षेप माझ्यासारख्यांचाच आहे, म्हणून जरा टोचतो. आडनावं मोकळी सोडली तर हा सगळा खजिना विखरून जाईल: वाकनीस, डबीर, केहिमकर, सहस्रबुद्धे. शब्दांचा इतिहास मलाही प्रिय आहे. एखादं आडनाव ऐकलं की ते उलगडून बघायची खोड मला लहानपणापासून आहे. पण शब्दाचा इतिहास हा घराण्याचा इतिहास नव्हे, हे इतिहासाचार्य राजवाड्यांच्या व्युत्पत्त्यांच्या प्रेमात पडलेले आपण विसरतो. शेलार हा शब्द शिलाहारवरून आला असेल. त्यावरून प्रत्येक शेलार शिलाहार राजाचा वंशज ठरत नाही. दत्तक गेलेला मुलगा एका रात्रीत आडनाव बदलून येतो आणि त्याच्या नातवाला तेच मूळ वाटतं. शिवाय हा खजिना जमला तोच नावं बदलत गेल्यामुळे. लोक गाव सोडून गेले नसते, धंदा बदलला नसता, लोकांनी टोपणनावं ठेवली नसती, तर जमवायला काय होतं? गोठवून आपण तो राखला नाही, त्यात नवी भर पडणं बंद केलं.

या बाबतीत एक बारीकशी गोष्ट मला सारखी जाणवते. गेल्या काही वर्षांत आईचं नाव आणि वडिलांचं नाव लावून आडनाव सोडणारी, किंवा आईबाबांची दोन्ही आडनावं लावणारी तरुण मुलं दिसू लागली आहेत. कुणी ती फॅशन म्हणतं. मला तो पेणकरांच्या आणि फुल्यांच्या काळातला जुना ओलावा वाटतो, माणसानं स्वतःला हाक मारायची तऱ्हा स्वतः ठरवण्याचा. फक्त तेव्हा हाक लोकांच्या तोंडी बसली की काम भागत असे. आता लॉगिन करून पोर्टलवर ‘लास्ट नेम मॅंडेटरी’ असा लाल तारा आला की ती मुलं पुन्हा आजोबांचं आडनाव टाइप करतात आणि पुढं जातात.

१ मे २०२४ नंतर जन्मलेली पहिली मुलं जून २०३० मध्ये पहिलीत जातील. बाई हजेरी घेतील तेव्हा चार-चार शब्दांची नावं पहिल्यांदा वर्गात मोठ्यानं वाचली जातील, आणि त्यात आया असतील. त्या पटाचा नमुना कुठल्या तरी कार्यालयात आत्ताच आखला जात असणार. किती चौकटी, कुठली सक्तीची, कुठली रिकामी चालेल, मुलगी मोठी झाल्यावर कुठली खोडता येईल आणि कुठली नाही, हे तिथं ठरतं आहे. माझ्या आईनं शेवटी प्रतिज्ञापत्रावर माहेरच्या नावानं सही केली. पन्नास वर्षांत हात त्या वळणाला विसरला होता, म्हणून आधी मागच्या कोऱ्या बाजूवर तिनं ते दोनदा लिहून बघितलं.